लाडणीच्या गावाला: हिंगोलीतले तीन दिवस

पुस्तक छपाईला जायला आठ दिवस उरले होते आणि मी हिंगोलीला निघाले. घरच्यांनी वेड्यात काढलं. प्रकाशकांनी पलीकडे कपाळाला हात लावला असणार. मग म्हणाले, प्रस्तावनेतल्या एका परिच्छेदासाठी सव्वादोनशे किलोमीटर जाणार का? मी म्हटलं, जाणार. औरंगाबादच्या कॉलेजात बत्तीस वर्षं इंग्रजी शिकवलं, पोरांना सांगत आले की डोळ्यांनी बघितल्याशिवाय लिहू नका, आणि आता निवृत्त झाल्यावर मीच घरबसल्या ठोकून देऊ? शनिवारी दुपारपर्यंत फोन करते, तोवर मुखपृष्ठ छापू नका, असं बजावून मी फोन ठेवला.

आता पुस्तक कुठलं, ते आधी सांगते. मिसेस ऑगस्टा टिल्बर्न. नाव ऐकलं नसेल, कुणीच ऐकलेलं नाही. पण व्हिक्टोरिया राणीच्या काळात या बाईंची कादंबरी मासिकातून यायला लागली की इंग्लंडातले लोक पुढच्या अंकासाठी दुकानासमोर उभे राहायचे. वीस-बावीस कादंबऱ्या लिहिल्या, सगळ्या तीन-तीन खंडांच्या, आणि आज त्यातली एक दुकानात मिळेल तर शपथ. मला मिळाली ती आमच्या कॉलेजच्या ग्रंथालयाने रद्दीत काढलेल्या ढिगात. कडा वाळवीने खाल्लेले तीन खंड, आणि पहिल्याच पानावर चक्क 'हिंगोली'. मी तिथेच स्टुलावर बसून साठ पानं वाचली.

कादंबरीला नायिकेचंच नाव आहे: एल, ए, डी, ई, एन, डबल ई. लमाणांच्या तांड्यातली मुलगी. मराठीत मी तिला 'लाडणी' केलं. लाडाची ती लाडणी. अकरा वर्षं भाषांतर चाललं होतं, आधी नोकरी सांभाळून, मग सासूबाईंचं आजारपण काढत. प्रस्तावनेत या नावावर मी दीड पान लिहिलं होतं आणि खरं सांगते, ते दीड पान मला अख्ख्या पुस्तकात सगळ्यात आवडायचं.

ही लाडणी नुसती कल्पनेतली नव्हती. तिसऱ्या खंडाच्या शेवटी टिल्बर्नबाईंनी निवेदन जोडलं आहे. हिंगोलीहून कळमनुरीकडे जाणाऱ्या रस्त्यावर त्यांना एक तांडा थांबलेला दिसला. बैल थोडे, माणसं उदास. तांड्याचा म्हातारा नायक, म्हणजे मुखिया, डोळे पुसत सारखं एकच म्हणत होता, की आमची लाडणी गेली. कुठे गेली, असं बाईंनी खानसाम्याकरवी विचारलं. तेव्हा त्याने दूर हात केला आणि सांगितलं, लोखंडी सडकेनं नेली. एवढ्यावरून बाईंनी तीन खंड उभे केले. रेल्वेचा एक गोरा ठेकेदार नायकाच्या मुलीला फूस लावून नेतो, आणि तिचा बाप गावोगाव तिला शोधत फिरतो. इंग्लंडात बायका उशा भिजेपर्यंत रडल्या म्हणे.

मला त्या तांड्याचा माग हवा होता. एखादं गाणं, एखादी आठवण, तिचं नाव ठेवलेली एखादी पणती, काहीही. जुन्या विद्यार्थ्याच्या ओळखीने कळमनुरीच्या अलीकडच्या एका तांड्यातले राठोड गुरुजी सापडले. प्राथमिक शाळेत शिकवतात. त्यांनी पत्रात लिहिलं, लाडणी हे नाव ऐकण्यात नाही, पण आपण जरूर यावे, आम्ही चौकशी करून ठेवतो. मला तेवढं पुरलं.

सोबतीला माझी नणंद, कुसुमवन्सं. दवाखान्यात नर्स होत्या, तीस वर्षं लोकांना सुया टोचल्या, तो हात जिभेलाही लागला आहे. त्यांनी माझ्या अकरा वर्षांच्या कामाचं एकही पान वाचलेलं नाही आणि ते लपवतही नाहीत.

बुधवार

औरंगाबादहून सकाळी सातची एसटी घेतली. जालना, मंठा, जिंतूर, औंढा आणि मग हिंगोली, असे साडेसहा तास. जिंतूरपर्यंत रस्ता बरा आहे, पुढे मात्र मागच्या सीटवर बसू नका, मणक्यांचा हिशेब चुकतो. डिसेंबर होता. दोन्ही बाजूंना तुरी पिवळ्या पडायला लागलेल्या, कापूस फुटलेला, मधूनच हरभऱ्याचे हिरवे तुकडे. जिंतूरच्या स्टँडवर मीठ घालून उकडलेल्या तुरीच्या शेंगा घेतल्या, पाच रुपयांत दोघींना पुरून उरल्या. औंढ्याला उतरून दर्शन करता येतं. आम्ही केलं नाही, कारण उतरलो असतो तर खिडकीची जागा गेली असती. देव समजून घेईल, पण त्या डब्यासकट चढलेल्या काकू समजून घेणाऱ्या दिसत नव्हत्या.

वाटेत वन्संना टिल्बर्नबाईंचं सगळं चरित्र ऐकवलं. ऐकणार नाही तर करतील काय, खिडकीशी मी आणि पलीकडे त्या काकू.

बाई पाद्र्याची मुलगी, सात भावंडांत चौथी. एकोणिसाव्या वर्षी लग्न झालं ते निजामाच्या चाकरीतल्या फौजेच्या एका कॅप्टनशी. बोटीने मुंबई आणि तिथून बैलगाडीने हिंगोलीची छावणी. तीन हिवाळे इथे काढले, दोन मुली झाल्या, आणि चौथा हिवाळा लागायच्या आत कॅप्टन तापाने गेला. त्याला इथेच ठेवून बाई दोन लेकरं घेऊन परतल्या, त्या दिराच्या घरी. दिराचं घर म्हणजे काय ते वन्संना वेगळं सांगावं लागलं नाही. पहाटे चारला उठून बाई स्वयंपाकघरातल्या टेबलावर लिहायला बसत, कारण आठ वाजता तिथे घरच्यांचा नाश्ता मांडायचा असे. पहिली कादंबरी पुरुषाच्या नावाने पाठवली, ती चालली. मग मासिकांनी मागणीच लावली. दर महिन्याला इतकी पानं, म्हणजे इतकीच. कमी पडली तर बाई एखादं वादळ आणायच्या, नाहीतर हरवलेलं मृत्युपत्र. प्रकरण असं तोडायच्या की वाचणाऱ्याचा घास तोंडाशी राहावा. वर्गणी भरून पुस्तकं नेणारे वाचक पत्रं लिहायचे, अमक्याला मारू नका, तमकीचं लग्न लावा. आणि बाई ऐकायच्या. टीकाकारांनी त्यावरून त्यांची फार टर उडवली.

"मुलींचं काय झालं?" वन्संनी विचारलं.

दोघी शिकल्या, म्हटलं, धाकटी तर पुढे शाळा चालवायची.

"मग उडवू दे की टर," असं म्हणून वन्सं झोपल्या.

हिंगोलीत उतरलो तेव्हा दीड वाजला होता. जिल्हा होऊन दहा वर्षंही झाली नाहीत, त्यामुळे सरकारी पाट्या करकरीत आणि रस्ते जुनेच आहेत. स्टँडसमोरच्या लॉजमध्ये दोघींची खोली दीडशे रुपयांना, गरम पाण्याची बादली सकाळी सहा ते सात, सात-पाचला मागितली तर नाही. खाणावळीत ज्वारीची भाकरी, वांग्याची भाजी आणि असा ठेचा की वन्संची बोलती चार मिनिटं बंद झाली. तीस रुपयांत पोटभर. माझ्याकडून पैकीच्या पैकी मार्क.

गुरुवार

सकाळी जुन्या छावणीच्या बाजूला गेलो. कॅप्टनची कबर शोधायची होती. चहावाल्याला विचारलं तर म्हणाला, "वो अंग्रेज लोगां का कबरस्तान? अब क्या रह्या वहाँ, अम्मा." तरी गेलो. बाभळींच्या खाली पंधरा-वीस दगड, काही आडवे झालेले, एका दगडावर शेरडू चढून चरत होतं. अक्षरं झिजून गेलेली. वन्संनी पदराने दोन दगड पुसून पाहिले, एकावर फक्त 'प्रिय' वाचता आलं. मी तिथे काही गंभीर वाक्यं वहीत लिहिली. आता ती वाचवत नाहीत.

मग सेनगावची जीप. गुरुजींनी निरोप ठेवला होता की सेनगावच्या पुढे एका तांड्यात लाडीबाई नावाच्या आजी आहेत, नाव जुळतंय तर भेटून घ्या. मला तर आभाळ ठेंगणं झालं. जीपवाला म्हणाला, बसा मावशी, आत्ता निघून राहिली गाडी. ती पन्नास मिनिटांनी निघाली, कारण सोळा माणसं झाल्याशिवाय तिचं इंजिन सुरू होत नाही. माणशी पंधरा रुपये. घाई असेल तर पुढच्या दोन सीटचे पैसे भरा, पण मग सगळी जीप तुमच्याकडे कशी बघते, तेही सोसा.

लाडीबाई पंचाहत्तरच्या, एकाच दाताने हसणाऱ्या. औरंगाबादहून दोन बायका आपलं नाव विचारत आल्या म्हटल्यावर त्यांनी आत जाऊन एक पिशवी आणली आणि माझ्या मांडीवर रिकामी केली. रेशनकार्ड, दोन फोटो, तलाठ्याचा दाखला. निराधारांच्या पगाराचे कागद घेऊन साहेबीणबाई आल्या, असा त्यांचा समज झाला होता. मी लाडणीचं विचारत राहिले आणि त्या कागद पुढे करत राहिल्या. शेवटी वन्संनी ते कागद नीट वाचले, कुठला दाखला कमी आहे ते सांगितलं, आणि शेजारच्या शिकलेल्या सुनेला कुणाकडे जायचं ते लिहून दिलं. माझ्या कामाचं एवढंच निघालं, की चार मुलांच्या पाठीवर झाली म्हणून वडिलांनी लाडी नाव ठेवलं. मी वहीत ठळक लिहिलं: 'नाव आजही जिवंत!' पुढे उद्गारचिन्ह. दुपारी तांड्यातली माणसं शेतात असतात, तेव्हा जाऊ नका, आणि कुणाच्या आशेला हात लागेल असं बोलू नका. हे मी आता सांगतेय, तेव्हा मला सुचलं नव्हतं.

संध्याकाळी लॉजवर मी इतकी खुशीत होते की प्रस्तावनेतल्या नव्या परिच्छेदाच्या सहा ओळी झाल्यासुद्धा.

शुक्रवार

गुरुजी सकाळीच मोटारसायकलवर घ्यायला आले आणि दोघींना बघून गोंधळले. मग त्यांनी एक रिक्षा ठरवून दिली, जाऊन-येऊन दोनशे रुपये. कळमनुरीच्या रस्त्याने अर्धा तास, मग आत कच्ची वाट. चाळीसेक घरं, बहुतेक पत्र्याची, चार-दोन स्लॅबची, अंगणात कापसाचे ढीग, आणि टोकाला सेवालाल महाराजांचं देऊळ, पांढऱ्या झेंड्याचं. मी निवेदनातलं वर्णन डोळ्यांपुढे धरून आजूबाजूला बघत होते आणि सगळं जुळतंय असं स्वतःला सांगत होते.

गुरुजींचे वडील तांड्याचे नायक. पंच्याऐंशी तरी असतील. खाटेवर बसून अंबाडीचा दोर वळत होते, पायाच्या अंगठ्यात एक टोक अडकवलेलं. गुरुजींच्या आई आरशांची कांचळी, म्हणजे चोळी, घातलेल्या, त्यांनी गुळाचा चहा आणि भाकरी आणली. तांड्यात भाकरीला बाटी म्हणतात. चार-पाच बायका आणि शाळेतून सुटलेली लेकरं भोवती बसली. गुरुजींनी गोरमाटीत, त्यांच्या बोलीत, सगळ्यांना सांगितलं, की या मॅडम लाडणी नावाच्या बाईला शोधून राहिल्यात. बायकांनी एकमेकींत चर्चा केली. एकीला एक लाडकाबाई आठवली, ती नांदेडला दिली होती. दुसरी म्हणाली, ती लाडका नव्हे, लालीबाई. नायक दोर वळत राहिले.

मग मी प्रुफांची पिशवी उघडली आणि टिल्बर्नबाईंचं निवेदन मोठ्याने वाचून दाखवलं. आवाज मला चांगला आहे, शेवटच्या बाकापर्यंत जातो. रस्त्यावर थांबलेला तांडा, थोडे उरलेले बैल, आणि म्हातारा डोळे पुसत म्हणाला, 'हमारी लाडणी गई.'

नायकांचा हात थांबला.

"काय म्हनला त्यो? पुन्ना वाचा, बाई."

मी वाचलं.

"लाडणी न्हाई. लदेणी," ते म्हणाले. "लदेणी गई, आसं म्हनला आसंल."

गुरुजींनी एकदम मान खाली घातली. नंतर त्यांनी कबूल केलं, की पत्र वाचतानाच शंका आली होती, पण मॅडम कॉलेजच्या, आपण कसं बोलावं.

लदेणी म्हणजे काय, ते नायकांनी मला शाळेतल्या पोरीला सांगावं तसं सावकाश सांगितलं. बैलांवर माल लादून मुलूखभर फिरायचं, ती लदेणी. इकडून धान्य, तिकडून मीठ. एकेका तांड्याचे शेकडो बैल, पुढच्या बैलाच्या गळ्यात घंटा, आणि मागे सगळा संसार चालायचा. लग्नं वाटेवर, बाळंतपणं वाटेवर. मग रेल्वे आली. व्यापारी मीठ डब्यात घालून पाठवायला लागले. बैल विकले गेले, माणसं होती तिथे बसली, मिळाली तशी शेती करायला लागली. हे नायकांच्या आज्याच्या आज्याच्या वेळचं. त्यांनीही पाहिलेलं नाही, गाण्यांतून ऐकलेलं.

लोखंडी सडकेनं नेली. अहो, म्हाताऱ्याने शब्द न् शब्द खरा सांगितला होता. टिल्बर्नबाईंना वाटलं, बाई गेली. मग त्या सडकेवर एक गोरा ठेकेदार आणून बसवणं त्यांना काय कठीण. आणि माझं? त्या निदान परक्या होत्या, त्यांना कळायचा संबंध नव्हता. इंग्रजीत डी एकच, त्याचा ड करायचा की द, हे ठरवणारी मी. मराठी माझी आई बोलायची. बत्तीस वर्षं पोरांच्या उच्चारांना लाल शाईने गोल केले. आणि त्या एका 'ड'वर मी लाड चढवले, दीड पान लिहिलं, आणि साहित्य मंडळात भाषण ठोकून टाळ्या घेतल्या. 

वन्सं इतका वेळ बाटी खात होत्या. त्या हळूच म्हणाल्या, "लादणे, वहिनी. लादणे." मला त्यांचा इतका राग आला म्हणून सांगू.

मला वाटलं, आता सगळे हसतील. कुणी हसलं नाही. नायकांनी दोर बाजूला ठेवला आणि म्हणाले, त्या गोऱ्या बाईनं लदेणीची काय गोष्ट केली, ती सांगा. मग मी सांगितली. अर्धा तास लागला, गुरुजी मधून मधून गोरमाटीत सांगत होते. नायकाची मुलगी, ठेकेदार, तिला आगगाडीत बसवून नेणं, बाप गावोगाव विचारत फिरतो ते. चूक कळल्यावर ती गोष्ट सांगताना माझीच मला वेगळी ऐकू यायला लागली. बापाच्या जागी मला दोर वळणारा माणूस दिसत होता. बायका पुढे सरकून बसल्या होत्या.

"रेल्वेनं नेली, ते बराबर लिवलं," नायक म्हणाले. "मग? परत येती का?"

इथे मला एक कबुली द्यावी लागतेय. टिल्बर्नबाईंच्या कादंबरीत ती परत येते. शेवटच्या प्रकरणात बाप वाटेवर बसलेला असतो, लांबून घंटा ऐकू येते, आणि बैलांचा तांडा घेऊन ती परत येते. मी ते प्रकरण गाळलं होतं. अकरा पानं. वाचकांच्या पत्रांना भुलून केलेला गुळगुळीत शेवट, आजच्या वाचकाला पटणार नाही, असं माझं मत होतं. बाप वाटेवर एकटा बसलेला आहे, तिथेच मी पुस्तक संपवलं होतं आणि त्या शेवटाचा मला अभिमान होता.

मी नायकांना खरं ते सांगितलं. त्या बाईच्या पुस्तकात येते, माझ्या पुस्तकात येत नाही.

त्यांनी माझ्याकडे बघितलं. रागाने नाही.

"तुमी काहून न्हाई आणलं तिला?"

मी म्हटलं, वाचणाऱ्यांना खोटं वाटलं असतं.

"त्यायला इचारलं व्हतं का?" नायकांनी विचारलं, आणि दोर पुन्हा हातात घेतला.

 वर्गात कुणी असं विचारलं असतं तर मी विषय बदलला असता, इथे काय बदलणार? बायका माझ्या पिशवीकडे बघत होत्या, ती अकरा पानं त्यात असतील अशा आशेने. त्यात नव्हती. ती औरंगाबादला वाळवीच्या खंडात, इंग्रजीत होती. नायकांनी पुढे काही विचारलं नाही, निघताना फक्त म्हणाले, ते आलेलं लिवलं तर आमाला ऐकवा.

रिक्षात वन्संनी माझ्या हातावर हात ठेवला. एवढं त्यांनी सासूबाई गेल्या तेव्हाही केलं नव्हतं.

शनिवार आणि नंतर

सकाळी स्टँडजवळच्या एसटीडी बूथमधून प्रकाशकांना फोन केला. मुखपृष्ठ छापू नका, नाव चुकलंय, प्रस्तावना रद्द, आणि शेवटी एक प्रकरण वाढतंय. आधी ते वैतागले. मग गोडीत आले. म्हणाले, 'लाडणी' हे नाव किती छान आहे, दुकानात उचललं जाईल, 'लदेणी' म्हणजे काय ते कुणाला कळणार? हवं तर मागे तळटीप द्या. आणि ही चूक शंभर-सव्वाशे वर्षांत कुणाला कळली नाही, तर आता कुणाला कळणार आहे?

मी म्हटलं, एका नायकांना कळली आहे, ते कळमनुरीच्या रस्त्याला राहतात. महिन्याची मुदत घेऊन फोन ठेवला.

परतीचा प्रवास तसाच, साडेसहा तास, यावेळी मागची सीट. खरेदीसाठी म्हणाल तर वसमतची हळद हिंगोलीच्या बाजारातही चांगली मिळते, एक किलो आणली, अजून संपली नाही.

घरी आल्यावर कामाला बसले. वन्संनी प्रुफं मागून घेतली आणि पानापानावर 'लाडणी' शोधून तांबड्या पेनाने 'लदेणी' करायला घेतलं. चौथ्या दिवशी बघते तर पेन खाली ठेवून वाचत बसलेल्या. काय झालं विचारलं तर हाताने मला गप्प केलं.

माझं ते दीड पान मी फाडलं. फाडताना वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू. त्याजागी जे घडलं ते लिहिलं: त्या बाईने काय ऐकलं, मी काय वाचलं, आणि नायकांनी काय सांगितलं.

मग ती अकरा पानं. मला वाटलं होतं दोन दिवसांचं काम, बारा दिवस गेले. ज्या प्रकरणाला मी गुळगुळीत म्हणत होते, ते शब्दाशब्दाला अडवायला लागलं. पहाटे टेबलाशी बसलेल्या त्या बाईचा मी अकरा वर्षांत पहिल्यांदा नीट विचार केला. नवऱ्याला हिंगोलीच्या बाभळीखाली ठेवून आली होती. गेलेलं परत येत नाही, हे तिला कुणी टीकाकाराने शिकवायची गरज नव्हती. तरी आठच्या नाश्त्याआधी तिने ती घंटा वाजवली. वाचकांची पत्रं आली म्हणून वाजवली असेल, पण ती पत्रं लिहिणाऱ्यांचंही घरातलं कुणी ना कुणी गेलेलं असणारच. मी विचारलं नव्हतं ते या बाईने विचारलं होतं. मला तिची माफी मागावीशी वाटली, आणि माफी कशी मागायची ते न कळल्यामुळे मी प्रकरण चारदा लिहिलं.

छापायला पाठवायच्या आदल्या दिवशी, रविवारी सकाळी, गुरुजींच्या मोबाइलवर फोन लावला. त्यांनी तो खाटेजवळ नेला आणि स्पीकर सुरू केला. कोंबड्यांचा, लेकरांचा आवाज येत होता, मग कुणीतरी लेकरांना दटावलं. मी अकरा पानं सलग वाचली. वाटेवर बसलेला बाप, लांबून येणारी घंटा, धूळ, आणि मग बैलांच्या पुढे चालत येणारी लदेणी. वन्सं दारात उभ्या होत्या. वाचून संपलं. 

"खोटं हाय," नायकांचा आवाज आला. खाट करकरली. "पन पुन्ना वाचा."

मी पहिल्या पानापासून पुन्हा वाचलं.